धुळीतली पावलं : अदृश्य होण्याच्या विद्येचा इतिहास

जादूवर लिहितोय म्हणून मित्रांनी दचकू नये. डोळ्यांत अंजन घालून माणूस अदृश्य होत नाही. कधी झाला नाही, होणार नाही. हे धरूनच पुढे चालायचं आहे. तरीही या देशात शेकडो वर्षं अदृश्य होण्याच्या विद्येवर लिहिलं गेलं. राजनीतीच्या ग्रंथात लिहिलं गेलं, योगाच्या सूत्रांत लिहिलं गेलं, भिक्षूंच्या चरित्रांत लिहिलं गेलं. जी गोष्ट घडूच शकत नाही तिच्यावर एवढी शाई का खर्च झाली, हे भोंदूंना विचारण्यात अर्थ नाही. ते इतिहासाला विचारायचं. लोक ज्या विद्येचं स्वप्न बघतात तिच्यातून त्यांची हाव कळते आणि भीतीही कळते. कुणाला लपायचं होतं, कुणापासून लपायचं होतं आणि लपून काय करायचं होतं? हे तीन प्रश्न बरोबर घेऊन आपण या पोथ्या उघडू.

१

पहिली गोष्ट नागार्जुनाची. नागार्जुन म्हणजे शून्यवादाचा आचार्य, ‘मूलमध्यमककारिका’ लिहिणारा. काळ साधारण इसवी सनाचं दुसरं शतक, मुलूख दक्षिणेचा. सातव्या शतकात आलेल्या ह्युएनत्संगाने त्याचं नाव दक्षिण कोसलाशी जोडलं. आपल्या विदर्भात रामटेकजवळच्या टेकडीलाही त्याचंच नाव आहे. त्याचं एक जुनं चरित्र चिनी भाषेत आहे आणि परंपरेने ते कुमारजीवाच्या नावावर आहे. कुमारजीव हा मध्य आशियातल्या कुचा इथला भिक्षू. चांगआन या चिनी राजधानीत तो ४०१-०२ च्या सुमारास पोचला आणि तिथे त्याने बौद्ध ग्रंथांची भाषांतरं केली. हे चरित्र म्हणजे दंतकथा आहे. पण दंतकथाही कुणीतरी, कशासाठीतरी सांगतो.

गोष्ट अशी. नागार्जुन दक्षिणेतल्या ब्राह्मण घरातला पोरगा. लहानपणीच वेद पाठ. त्याचे तीन दोस्त, तेही त्याच्यासारखेच हुशार. शिकायचं ते सगळं शिकून झालं, आता मजा करायची, असं चौघांनी ठरवलं. मजेला अडथळा एकच, लोक बघतात. म्हणून ते एका जादूगाराकडे गेले आणि अदृश्य होण्याची विद्या मागितली.

त्या जादूगाराचा हिशोब बघण्यासारखा आहे. तो मनाशी म्हणाला, ही पोरं गर्विष्ठ आहेत, माझ्याकडे आलीत ती फक्त या विद्येसाठी. कृती सांगितली की पाठ फिरवतील. म्हणून नुसती गोळी द्यावी, कृती देऊ नये. गोळी संपली की झक मारत परत येतील आणि माझे शिष्य होऊन राहतील. त्याने प्रत्येकाला एकेक गोळी दिली. एकांतात पाण्यात उगाळून पापण्यांना लावा, म्हणाला. नागार्जुनाने गोळी उगाळली, वास घेतला आणि तिच्यात काय काय आहे, किती किती आहे, सगळं सांगितलं. सत्तर द्रव्यं होती. जादूगार चाट पडला आणि त्याने कृती सांगून टाकली.

इथे जरा थांबा. माणूस लपवण्याच्या आधी या गोष्टीत विद्या लपवलेली आहे. गोळी द्यायची आणि कृती झाकायची, म्हणजे घेणारा जन्मभर दारात उभा. हा व्यवहार आपल्याला नवा नाही. मंत्र आम्ही म्हणू, अर्थ आम्ही सांगू, तुम्ही दक्षिणा ठेवा, हाच तो.

पुढे चौघे राजवाड्यात शिरले. तिथल्या स्त्रियांवर त्यांनी हात टाकला. शंभरावर दिवस हे चाललं. काही स्त्रियांना दिवस गेले तेव्हा राजाला कळलं. एका जुन्या मंत्र्याने सल्ला दिला : हे भूत तरी असेल नाहीतर जादू. दारांशी बारीक माती पसरा. भुताची पावलं उमटणार नाहीत, माणूस असेल तर उमटतील. माती पसरली. चार माणसांची पावलं उमटली. राजाने शेकडो शिपाई आत घेतले, दारं लावून घेतली आणि हवेत तलवारी चालवायला सांगितलं. तिघे दोस्त जागेवर कापले गेले. नागार्जुन वाचला, कारण तो श्वास रोखून राजाला चिकटून उभा राहिला. राजाच्या डोक्याजवळ काही हातांच्या आत तलवार येत नव्हती.

तिथे उभं असताना त्याला उमगलं की हाव हेच दुःखाचं मूळ. यातून सुटलो तर श्रमणाकडे जाऊन दीक्षा घेईन, असं त्याने ठरवलं. सुटला आणि तसंच केलं.

या गोष्टीतून तीन गोष्टी हाताला लागतात. एक, विद्या रूप झाकते, वजन झाकत नाही. माणूस कितीही अदृश्य झाला तरी त्याला पाय जमिनीवरच ठेवावे लागतात, आणि जमीन खोटं बोलत नाही. दोन, तलवारीच्या खोलीत लपलेल्याला एकच जागा सुरक्षित असते, सत्तेच्या कुशीत. नागार्जुनाला त्याच्या विद्येने वाचवलं नाही, राजाजवळच्या जागेने वाचवलं. तिसरी गोष्ट चरित्रकाराने सांगितलेली नाही. त्या स्त्रियांचं पुढे काय झालं? त्यांना नाव नाही, वाक्य नाही. चौघा पुरुषांनी अंजन घातलं, आणि खऱ्या अर्थाने अदृश्य झाल्या त्या बाया. अशा विद्येचा पहिला धोका ती वापरणाऱ्याला नसतो. तो ज्याच्यावर वापरली जाते त्याला असतो.

२

हे झालं राजवाड्यात चोरून शिरणाऱ्यांचं. राजवाडा स्वतः काय करत होता? त्यासाठी कौटिल्याचं अर्थशास्त्र उघडावं लागतं. या ग्रंथाचं हस्तलिखित १९०५ मध्ये म्हैसूरला शामशास्त्रींच्या हाती आलं आणि १९०९ मध्ये त्यांनी ते छापलं. त्याच्या चौदाव्या अधिकरणात शत्रूला फसवण्याचे आणि मारण्याचे गुप्त प्रयोग आहेत. अदृश्य होण्याच्या अनेक कृती तिथे एकापाठोपाठ एक दिल्या आहेत. एक कृती अशी : तीन रात्री उपास करायचा. शस्त्राने मारलेल्या किंवा सुळावर दिलेल्या माणसाची कवटी पुष्य नक्षत्रावर घ्यायची. तिच्यात माती भरून जव पेरायचे आणि मेंढीच्या दुधाने शिंपायचे. कोंब फुटले की त्यांची माळ गळ्यात घालायची. मग म्हणे माणसाचं रूप दिसत नाही आणि सावलीही पडत नाही.

आता आपला प्रश्न. ही कवटी आणायची कुणी? मनुस्मृतीचा दहावा अध्याय त्याचं उत्तर देतो. सजा झालेल्यांना मारायचं काम चांडाळाचं, बेवारस प्रेत उचलायचं काम चांडाळाचं. अर्थशास्त्रातच लोकांना झोपवण्याचा एक प्रयोग आहे. त्याला लागणारी वस्तू श्वपाक स्त्रीच्या हातून विकत घ्यावी, असं तिथे स्पष्ट लिहिलं आहे. म्हणजे बघा, जिच्या हातचं पाणी चालत नाही तिच्या हातची जादूची वस्तू चालते. राजाच्या गुप्त विद्येचा कच्चा माल गावकुसाबाहेरून यायचा आणि त्या विद्येचं फळ मात्र राजवाड्यात जायचं.

पण कौटिल्य भोळा नव्हता. कवटीतल्या जवाच्या भरवशावर त्याने राज्य ठेवलं नाही. त्याची खरी अदृश्य विद्या ग्रंथाच्या पहिल्याच अधिकरणात आहे. तिचं नाव गूढपुरुष, म्हणजे हेर. कुणी विद्यार्थी बनून, कुणी व्यापारी बनून, कुणी जटा वाढवलेला तापस बनून, कुणी भिक्षुणी बनून गावोगाव फिरायचं आणि लोकांच्या मनातलं राजाला सांगायचं. हे लोक दिसत होते, पण कोण आहेत ते दिसत नव्हतं.

आणि चमत्कार? तेही राजाच्या खजिन्याचं एक खातं होतं. पाचव्या अधिकरणात रिकामा खजिना भरण्याच्या युक्त्या आहेत. विहिरीत भुयारातून अनेक फण्यांचा नाग दाखवायचा आणि बघायला येणाऱ्यांकडून पैसे घ्यायचे, ही त्यातली एक. ज्यांचा विश्वास बसणार नाही त्यांच्या आचमनाच्या, शिंपडण्याच्या पाण्यात विष मिसळायचं आणि देवाचा शाप लागला म्हणून गाजवायचं, हेही तिथेच आहे. शंका घेणाऱ्याला विष! चमत्कार खोटा आहे हे करणाऱ्याला पक्कं ठाऊक असतं, याचा याहून जुना पुरावा शोधायला नको. भोंदूबाबावर हसताना आपण त्याला अडाणी समजतो. ही युक्ती अडाण्यांची नव्हती. ती शिकलेल्यांनी, राज्य चालवणाऱ्यांनी लिहून ठेवलेली होती.

३

बुद्धाने या विद्येचं काय केलं? दीघनिकायात केवट्ट सुत्त आहे. नालंदेत केवट्ट नावाचा गृहस्थाचा मुलगा बुद्धाकडे आला. एखाद्या भिक्षूला चमत्कार करून दाखवायला सांगा, म्हणजे नालंदेच्या लोकांची श्रद्धा वाढेल, असं तो म्हणाला. एकदा नव्हे, तीनदा म्हणाला. बुद्धाने उत्तर दिलं त्याचा आशय असा : एखादा भिक्षू एकाचे अनेक झाला, दिसेनासा झाला, भिंतीतून आरपार गेला, तरी न मानणारा माणूस म्हणेल की ही गांधारी विद्या आहे, तो मंत्र याला येतो, एवढंच. मग अशा चमत्काराने काय सिद्ध झालं? यात धोका दिसतो म्हणून बुद्धाला चमत्कारांची लाज आणि किळस वाटते, असं सुत्त सांगतं. त्याने एकच चमत्कार मान्य केला, शिकवणुकीचा. असा विचार करा, असा करू नका, हे माणसाला सांगणं आणि त्याने ते आचरून बघणं.

हे नीट लक्षात घ्या. अदृश्य होता येतं की नाही, या वादात बुद्ध इथे शिरतच नाही. येत असेल तरी त्याचा उपयोग काय, असा त्याचा सवाल आहे. ज्यातून खरंखोटं ठरत नाही, माणूस सुधारत नाही, ती विद्या धम्माच्या कामाची नाही.

विनयपिटकात हेच नियमाच्या भाषेत आलं. राजगृहाच्या श्रेष्ठीने चंदनाचं पात्र उंच बांबूवर टांगलं, जो ऋद्धिबळाने काढेल त्याचं. पिंडोल भारद्वाज या भिक्षूने हवेत उडून ते काढलं. लोक जयजयकार करत मागे लागले. बुद्धाने पिंडोलाला फटकारलं, लोकांपुढे ऋद्धी दाखवणं हा दोष ठरवला आणि ते पात्र फोडायला लावलं. त्या चंदनाची पूड करून भिक्षूंना डोळ्यांच्या अंजनात घालायला दिली. तिकडे अंजन अदृश्य व्हायला, इकडे अंजन दुखरे डोळे बरे करायला. अंगात नसलेली अलौकिक शक्ती आपल्यात आहे असा खोटा दावा करणाऱ्या भिक्षूला तर संघातून कायमचं बाहेर जावं लागे. चार सगळ्यात मोठ्या अपराधांपैकी तो एक.

आणि तरीही पुढे काय झालं? हजारेक वर्षांनी वज्रयानाच्या साधनाग्रंथांत आठ महासिद्धी मोजल्या गेल्या. त्यांत अंजनसिद्धी आहे आणि अंतर्धानसिद्धीही आहे. बुद्धाला ज्याची लाज वाटली ते त्याच्याच नावाने साधायची गोष्ट बनलं. हे आपल्या घरचं आहे म्हणून झाकायचं कारण नाही. धम्माच्या नावाने मंतरलेलं पाणी, ताईत, दोरे कुणी विकायला लागलं तर हा इतिहास त्याच्यापुढे ठेवायचा.

अंजनाचं दुसरं टोक आपल्याच राज्यात आहे. पायाळू माणसाच्या डोळ्यांत अंजन घातलं की त्याला जमिनीतलं गुप्तधन दिसतं, ही समजूत महाराष्ट्राच्या खेड्यापाड्यांत होती. गुप्तधन म्हटलं की पाठोपाठ बळी आला. परभणी जिल्ह्यात मानवतला १९७२ ते १९७४ या काळात मुली आणि स्त्रिया मारल्या गेल्या. गुप्तधनाचा आणि अपत्याचा हव्यास त्या खटल्यात पुढे आला. जादूटोणाविरोधी कायद्यासाठी डॉ. नरेंद्र दाभोलकर वर्षानुवर्षं झगडले. २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात त्यांचा खून झाला. त्यानंतर वटहुकूम निघाला आणि त्याच वर्षी डिसेंबरमध्ये कायदा झाला. अदृश्य विद्या खोटी असेल, पण तिच्यापायी सांडलेलं रक्त खरं आहे.

४

आता त्या तीन प्रश्नांकडे परत येऊ. आतापर्यंत ज्यांना लपायचं होतं ते कोण होते? राजाचे हेर, मौज करायला निघालेली उच्चवर्णीय पोरं, सिद्धीच्या मागे लागलेले साधक. लपणं ही त्यांची चैन होती, नाहीतर त्यांचं हत्यार होतं. त्याच काळात याच देशात दुसरं एक शास्त्र पूर्णत्वाला गेलं. कुणाला लपूच द्यायचं नाही, याचं ते शास्त्र.

मनुस्मृती सांगते की चांडाळाने रात्री गावात फिरू नये, आणि दिवसा कामाला यावं ते राजाने ठरवून दिलेल्या खुणा अंगावर वागवून. फाहियान हा चिनी भिक्षू ३९९ मध्ये चांगआनहून निघाला, म्हणजे कुमारजीव त्या नगरीत पोचायच्या दोनतीन वर्षं आधी. भारतात त्याने काय बघितलं? चांडाळ गावाबाहेर राहतात, आणि नगरात किंवा बाजारात शिरताना लाकडावर टोले देत चालतात, म्हणजे लोक आवाज ऐकून बाजूला होतात. चीनमध्ये या देशाच्या दोन बातम्या पोचल्या. एकीत वरच्या वर्णाची पोरं अंजन घालून दिसेनाशी होतात, दुसरीत चांडाळ स्वतःच्या येण्याची दवंडी स्वतःच पिटतो. पहिली दंतकथा आहे. दुसरी डोळ्यांनी बघितलेली.

पुढे पेशवाईतल्या पुण्यात ही उलटी जादू कळसाला गेली. बाबासाहेबांनी १९३६ च्या ‘अ‍ॅनिहिलेशन ऑफ कास्ट’मध्ये ते नोंदवून ठेवलं आहे. ओळख पटावी म्हणून मनगटाला किंवा गळ्यात काळा दोरा. थुंकी जमिनीवर पडू नये म्हणून गळ्यात मडकं. आणि चाललेल्या वाटेवरची धूळ झाडली जावी म्हणून कमरेला झाडू. सावली पडेल म्हणून सवर्ण येत असताना रस्ता बंद.

नागार्जुनाच्या गोष्टीतली माती आठवा. तिथे पावलं उमटावीत म्हणून राजाने माती पसरली. इथे पावलं उमटूच नयेत म्हणून माणसाच्या कमरेला झाडू बांधला. कौटिल्याच्या हेराला सावली घालवायला कवटीत जव पेरावे लागत होते. आमच्या माणसाची सावली हुकमाने काढून घेतली. माणूस दिसला पाहिजे, त्याची खूण दिसली पाहिजे, पण तो या रस्त्यावरून चालून गेला याचा पुरावा राहता कामा नये. इतिहासात आमची पावलं सापडत नाहीत म्हणून कुणी हिणवलं तर त्याला हा झाडू दाखवा.

५

ज्याला शेकडो वर्षं खूण चिकटवली त्याला एक दिवस वाटणारच की ही खूण पुसून टाकावी. शहरात कोण ओळखतो? आडनाव बदलावं, गावाचं नाव सांगू नये, भिंतीवरची तसबीर पाहुणा यायच्या आधी उतरवावी. झाकली मूठ सव्वा लाखाची. आपल्या काळातली अदृश्य होण्याची विद्या ती हीच, आणि तिचे धोकेही जुन्या पोथीतलेच आहेत.

बाबासाहेब १९१७ मध्ये बडोदे संस्थानच्या नोकरीवर रुजू व्हायला गेले. परदेशी विद्यापीठातलं शिक्षण पाठीशी होतं, आणि राहायला खोली नव्हती. एका पारशी सराईत पारशी नाव लावून ते राहिले. अकराव्या दिवशी काठ्या घेतलेले लोक जिन्यावरून वर आले. त्याच दिवशी जागा सोडावी लागली. बडोद्यात दुसरं कुठे छप्पर मिळेना, शेवटी त्यांनी मुंबईची गाडी धरली. हे त्यांनी स्वतः लिहून ठेवलं आहे. ते ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ १९९० मध्ये पुस्तिकारूपाने छापलं गेलं. त्यात राजवाड्यातल्या चौघांची मौज नाही. डोक्यावर छप्पर हवं, एवढंच मागणं आहे. पण शेवट तसाच : पावलं उमटली, दार लागलं, काठ्या आल्या. फरक एकच, गुन्हा काही नव्हता.

बाबुराव बागुलांचा ‘जेव्हा मी जात चोरली होती’ हा संग्रह १९६३ चा. शीर्षककथेतल्या तरुणाची चोरलेली जात उघडी पडते आणि त्याला मार बसतो. चोरली, हा शब्द बघा. आपलीच ओळख आपण लपवली तर ती चोरी ठरते, कारण त्या खुणेवर मालकी दुसऱ्याची असते. त्याला मारातून सोडवतो तो काशीनाथ, जात न लपवणारा. नागार्जुनाला राजाजवळ उभं राहून जगता आलं. बागुलांचा तरुण वाचतो तो न लपणाऱ्या दोस्तामुळे.

म्हणून कार्यकर्त्यांना दोन गोष्टी सांगायच्या आहेत. पहिली, शहरात जात लपवून राहणाऱ्या आपल्या माणसाला भित्रा म्हणू नका. त्याने मौजेसाठी अंजन घातलेलं नाही. खोलीसाठी, नोकरीसाठी, पोरांच्या शाळेसाठी घातलं आहे. माती पसरणारा कोण आणि तलवार चालवणारा कोण, हे आधी विचारा. आडनाव ऐकून खोली भरली म्हणणाऱ्या घरमालकाला विचारा, ऑफिसात गाव कुठलं, पाहुणे कुठले म्हणून खोदणाऱ्याला विचारा. आणि त्या माणसाची ओळख त्याला न विचारता सभेत, पत्रकात उघडी करू नका. तुमच्या एका शब्दाने त्याच्या दारात काठ्या येऊ शकतात. कधी बोलायचं ते त्याचं त्याला ठरवू द्या.

दुसरी, लपण्यावर चळवळ उभी राहत नाही. लपलेला माणूस एकटा असतो, शेजारी दुसरा लपलेला असला तरी त्याला दिसत नाही. ही या विद्येची सगळ्यात मोठी किंमत. १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपुरात लाखो माणसं भर उजेडात, मोकळ्या मैदानात एकत्र आली आणि त्यांनी धम्म घेतला. एकेकट्याने, गुपचूप घेतला असता तर त्रास कदाचित कमी झाला असता. पण मग शेजारच्या वाटेवर आपलाच माणूस चालतोय हे कुणाला कळलं असतं?

ज्यांना लपावं लागतं त्यांना न लपता बसता येईल अशी एक तरी जागा प्रत्येक वस्तीत, प्रत्येक वसतिगृहात आपण तयार ठेवायची. वाचनालय असेल, अभ्यासवर्ग असेल, एखादी खोली असेल. तिथे कुणी गाव विचारलं तर पूर्ण नाव सांगता आलं पाहिजे, आणि सांगणाऱ्याच्या शेजारी चार माणसं उभी असली पाहिजेत.